आधी ऐका, मग काढा



कापूस-ज्वारीच्या सभेत अंगणवाडीचा विषय कशाला, असे कोणी विचारील. पाऊस दगा देतो तेव्हा आपलीच माणसे ठाणे, कल्याण, डोंबिवलीच्या चाळींत जातात. बाप बिगारीवर, आई धुण्याभांड्याला आणि पोर अंगणवाडीत. गावातही कित्येक कोरडवाहू घरांची चूल सेविका किंवा मदतनीस असलेल्या सुनेच्या मानधनावर पेटते. तिची नेमणूक रद्द झाली की ते घर बसते.

याच जुन्या ठाणे जिल्ह्यात, बोर्डीला, १९४५ साली ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी काम सुरू केले. पोरे शाळेत येत नाहीत, म्हणून शाळाच त्यांच्या अंगणात नेली. २ ऑक्टोबर १९७५ रोजी सरकारने एकात्मिक बालविकास योजना आणली. पन्नास वर्षे उलटली, बाई अजून मानधनावरच.

नेमताना स्थानिक रहिवास, बारावी आणि गुण पाहतात. भांडण तिथेच लागते. रेशनकार्ड गावचे, खोली कल्याणला भाड्याची. एका कागदावर माहेरचे नाव, दुसऱ्यावर सासरचे. कोणीतरी तक्रार ठोकतो आणि रद्दचा हुकूम निघतो. दाद कुठे मागायची? कर्नाटकच्या अमीरबी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली सांगितले की सेविकेचे पद सरकारी नोकरीतले नाही. म्हणजे सरकारी नोकरांच्या न्यायाधिकरणाचे दार बंद. उरते उच्च न्यायालय, घटनेचे कलम २२६.

तिथे न्यायाधीश नव्याने निवड करीत बसत नाहीत. ते हुकूम तपासतात. नोटीस दिली का? म्हणणे ऐकले का? कारण लिहिले का? ओरिसाच्या डॉक्टर बिनापाणी देई यांच्या खटल्यात १९६७ सालीच ठरले आहे की माणसाचे नुकसान करणारा हुकूम त्याचे ऐकल्याशिवाय काढता येत नाही. मोहिंदरसिंग गिल खटल्यात १९७७ साली ठरले की हुकमात नसलेले कारण मागाहून प्रतिज्ञापत्रात घुसडता येत नाही.

खोट्या दाखल्याची आम्ही वकिली करणार नाही. तो लावणारी बाई दुसऱ्या गरीब बाईचा हक्क मारते. पण ज्वारीच्या चार कणसांत काणी दिसली तर आपण तेवढी कणसे काढून जाळतो, साऱ्या रानावर विळा फिरवत नाही. सगळे रानच काणीने गेले असेल तर गोष्ट वेगळी. पश्चिम बंगालच्या शाळाभरतीत खरे-खोटे निवडता येईना, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२५ मध्ये पंचवीस हजारांवर नेमणुका रद्द ठरवल्या. तिथे प्रामाणिकही भरडले गेले. म्हणून निवडायचे कष्ट सरकारने आधी घ्यावेत.

आपल्या गावात असा हुकूम आला तर बाई कोणत्या गटाची, हे विचारू नका. नोटीस, उत्तराची पोच, हुकमाची प्रत आणि निवडयादी जमवा. मिळत नसेल तर माहितीच्या अधिकारात मागा. आणि दिवस घालवू नका. पेरणीसारखीच दादही वेळेवर मागावी लागते. उशीर झाला की कोर्ट पहिला प्रश्न त्याचाच विचारते.

आज तिला न ऐकता काढले आणि आपण गप्प बसलो, तर उद्या आपला सातबारा न ऐकता फिरवणाऱ्याला कोणत्या तोंडाने अडवणार?