वाचक नसलेले ग्रंथालय

आमच्या मराठी विभागातला एक लेझर प्रिंटर दहा वर्षे विनातक्रार राबला. प्रश्नपत्रिका, प्रबंधांची टिपणे, निरोपसमारंभांची मानपत्रे असे सारे त्याने छापले. पुढे विभागाला नवा संगणक मिळाला, त्यात विंडोजची ६४-बिट आवृत्ती होती, आणि प्रिंटर मुका झाला. त्याचा ड्रायव्हर ३२-बिट आवृत्तीपुरताच होता व उत्पादकाने नवा काढलाच नव्हता. यंत्रात बिघाड नव्हता. कागद होता, टोनर होता. नव्हती ती काही फाइलींची सोय. धडधाकट यंत्र भंगारात गेले. तेव्हापासून या फाइलींविषयी साहित्याच्या माणसांनीही काही बोलावे, असे आम्हांला वाटत आले आहे.

१९८५ साली विंडोजची पहिली आवृत्ती आली, तेव्हाच तिच्यात जीडीआय नावाची चित्रणव्यवस्था होती. तिचे तत्त्व सुटसुटीत आहे. लेखनाच्या प्रोग्रामने समोरचा पडदा कोणता, प्रिंटर कोणता याची चौकशी करू नये. ‘या जागी हे अक्षर काढ’ एवढेच सांगावे आणि पुढचे त्या त्या उपकरणाच्या ड्रायव्हरने पाहावे. हे काम ज्या फाइली करतात त्यांना ‘डायनॅमिक लिंक लायब्ररी’ म्हणतात. प्रिंटरचा ड्रायव्हर हाही बहुतांशी अशाच फाइलींचा संच असतो. लायब्ररी हा शब्द ऐकून आमच्यासारख्यांचे कान टवकारतात. परंतु या ग्रंथालयात वाचकाला प्रवेश नाही. संगणक तिथले वाचतो आणि पाळतो. आपण फक्त परिणाम पाहतो.

हे नेहमीच एवढे टोकाचे नव्हते. १९८४ मध्ये अॅडोबीने आणलेली पोस्टस्क्रिप्ट ही पानाचे वर्णन करणारी भाषा प्रसिद्ध होती, आणि ती जाणणारा प्रिंटर पानाची जुळणी स्वतः करी. पुढे स्वस्त प्रिंटरांतून ही समज काढून घेतली गेली व ती संगणकातल्या ड्रायव्हरकडे सोपवली गेली. किंमत उतरली, त्यामुळे आमच्यासारख्या महाविद्यालयांतही प्रिंटर आले, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण त्याबरोबर एक अदृश्य अटही आली: यंत्र तुमचे, त्याचे शहाणपण मात्र दुसऱ्याचे.

या अटीविरुद्धचा पहिला मोठा निषेध एका प्रिंटरपायीच झाला. १९८०च्या सुमारास अमेरिकेतील एमआयटीच्या प्रयोगशाळेला झेरॉक्सचा लेझर प्रिंटर मिळाला. कागद अडकला की सर्वांना सूचना जावी, एवढी सुधारणा रिचर्ड स्टॉलमन यांना त्याच्या सॉफ्टवेअरमध्ये करायची होती. मूळ आज्ञावली मागितली असता गुप्ततेच्या कराराचे कारण देऊन नकार मिळाला. हा अनुभव स्टॉलमन पुढे वारंवार सांगत राहिले. १९८३ मध्ये त्यांनी जाहीर केलेल्या ग्नू प्रकल्पाच्या मागे तो होता.

यावर असे म्हटले जाते की हे ज्ञान बंद ठेवण्यातच सुरक्षितता आहे. इतिहास तसे सांगत नाही. १९९६च्या विंडोज एनटी ४.० मध्ये चित्रणाचे काम वेगासाठी प्रणालीच्या थेट गाभ्यात नेले गेले, आणि पडद्याचा वा प्रिंटरचा एखादा सदोष ड्रायव्हर सारा संगणक बंद पाडू शकू लागला. प्रिंटरचे ड्रायव्हर गाभ्याबाहेर आणण्याचे काम व्हिस्टापर्यंत चालले. २०२१ मध्ये ‘प्रिंटनाइटमेअर’ हा दोष उघड झाला. ड्रायव्हर बसवण्याच्या सोयीतून परक्याची लायब्ररी फाइल सर्वोच्च अधिकारांनिशी चालवता येत होती. कुलूप होते, पण ते वाचकासाठी. चोराची वाट मोकळीच राहिली.

आता आमच्या घरच्या गोष्टीकडे येऊ. देवनागरीत वेलांटी उच्चाराने नंतर, पण लेखनात आधी येते; जोडाक्षरे बनतात, रफार वर चढतो. हा लिपिविचार विंडोजमध्ये युनिस्क्राइब नावाच्या लायब्ररी फाइलीत होता. विंडोज एक्सपीत ती सोय वेगळी खूण करून चालू करावी लागे. तोवर वेलांटी व्यंजनाच्या मागे लटके आणि जोडाक्षरे हलन्तांनी तुटलेली दिसत. ‘आचार्यांना’ आणि ‘आचाऱ्यांना’ यांतला भेद आपण व्याकरणाच्या तासाला शिकवतो. पडद्यावर आणि कागदावर तो टिकेल की नाही, हे मात्र अशा एका फाइलीला मराठी किती समजते यावर ठरते. निर्णयसागरच्या खिळ्यांत दोष असता तर तो जुळाऱ्याच्या बोटांना कळला असता. अ. का. प्रियोळकर आणि बापूराव नाईक यांनी आपल्याकडच्या मुद्रणाचा इतिहास लिहिला, कारण छापखाना आत जाऊन पाहता येत होता. आजच्या छापखान्याचा इतिहास उद्या कोणी कशावरून लिहावा?

संगणकाची आज्ञावली आम्हांला वाचता येत नाही, मग ती खुली असून काय उपयोग, असा प्रश्न एक सहकारी विचारतात. मोडी तरी आपल्यापैकी कितीजणांना वाचता येते? म्हणून मोडी दफ्तरे बंद ठेवावीत असे कोणी म्हणत नाही. ज्यांना वाचता येते ते आपल्या वतीने वाचतात. देवनागरीची जुळणी करणारे हार्फबझ हे मुक्त सॉफ्टवेअर आज फायरफॉक्स, क्रोम, लिब्रेऑफिस यांत वापरले जाते आणि कोणालाही तपासता येते. छपाईतही समाईक मानकांची दिशा दिसू लागली आहे. उत्पादकांचे स्वतंत्र ड्रायव्हर विंडोज अपडेटमार्फत पुरवणे टप्प्याटप्प्याने थांबवण्याचे मायक्रोसॉफ्टने २०२३ मध्ये जाहीर केले. आयपीपी या समाईक मानकावर चालणारा ड्रायव्हर हा त्याला पर्याय. मात्र जुन्या यंत्रांचे काय, हा प्रश्न त्याने सुटत नाही.

आमचे म्हणणे मर्यादित आहे. विद्यापीठे आणि महाविद्यालये सार्वजनिक पैशाने प्रिंटर घेतात. खरेदीच्या अटींत किमतीबरोबर एक ओळ असावी: यंत्र प्रसिद्ध मानकावर चालले पाहिजे. आणि उत्पादकाने ड्रायव्हर सांभाळणे सोडले, तर त्याची मूळ आज्ञावली त्याने खुली केली पाहिजे. जे ग्रंथालय त्याला चालवायचे नाही, त्याच्या किल्ल्या तरी त्याने वाचकांकडे द्याव्यात.