कॅमेरा कोणाच्या हाती?

जळकोट, मुखेड, कंधार या डोंगरपट्ट्यातील तांड्यांमधून दरवर्षी कुटुंबेच्या कुटुंबे ऊसतोडीला जातात. हिंदी पडद्यावरचा बंजारा मात्र सहसा कोयता उचलीत नाही. तो आरशांचे कपडे घालून नाचतो. मुकादमाची उचल त्याला ठाऊक नसते आणि गोरमाटी बोलीशी त्याचा संबंध नसतो. ज्यांच्या नावावर हे चित्र खपते, त्यांचा त्यात आवाज कुठे आहे?

‘कलावंताला जात नसते, सहृदयता पुरेशी आहे’, असे उत्तर यावर ठरलेले असते. सहृदयतेचे मोल नाकारण्याचे कारण नाही. जब्बार पटेल यांचा ‘जैत रे जैत’ (१९७७) ठाकर समाजाकडे आदरानेच पाहतो. पण पाहणारे बाहेरचे आणि प्रमुख भूमिका करणारेही बाहेरचे. रॉबर्ट फ्लाहर्टीलाही उत्तर ध्रुवाकडील इन्युइट लोकांविषयी प्रेमच होते. तरीही ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ (१९२२) मध्ये बंदुका वापरणाऱ्या शिकाऱ्यांच्या हाती त्याने जुने भाले दिले आणि नायकाचे अल्लाकारिअल्लाक हे खरे नावही बदलले. प्रेमानेसुद्धा माणसाचे वर्तमान पुसता येते!

त्याच इन्युइटांच्या इग्लूलिक गावाने १९७५ आणि १९७९ साली मतदान करून दूरदर्शन नाकारले, कारण त्यात त्यांची भाषा नव्हती. पुढे १९९० मध्ये त्याच गावात झकारियस कुनुक व सहकाऱ्यांनी ‘इसुमा’ ही निर्मितीसंस्था काढली. वडीलधाऱ्यांकडून ऐकलेल्या दंतकथेवर त्यांनी आपल्याच भाषेत ‘अतानारजुआत’ केला आणि २००१ साली कान महोत्सवात पदार्पणाचा पुरस्कार मिळविला.

महाराष्ट्रात लेखणीने ही वाट आधीच मोकळी केली होती. लक्ष्मण माने यांचे ‘उपरा’ (१९८०) आणि लातूर जिल्ह्यातील लक्ष्मण गायकवाड यांचे ‘उचल्या’ (१९८७) यांना कोणा मध्यस्थाची गरज लागली नाही. पण कागद स्वस्त असतो, कॅमेरा महाग. म्हणूनच कैकाडी मुलाची कथा सांगणारा नागराज मंजुळे यांचा ‘फँड्री’ यायला २०१३ साल उजाडावे लागले. त्यातला अखेरचा दगड थेट प्रेक्षकावर येतो. सहृदय पाहुण्याच्या हातून तो सुटला असता काय?

आपला माणूस कॅमेऱ्यामागे आला की प्रश्न सुटला, असेही नव्हे. ‘सैराट’ (२०१६) चा ‘धडक’ (२०१८) झाला आणि मुंबईच्या भांडवलाने जातीचा प्रश्न धूसर करून टाकला. अखेर प्रश्न उत्पादनसाधनांच्या मालकीचा आहे.

राज्य शासन मराठी चित्रपटांना अनुदान देते. त्यात गोरमाटी, कैकाडी, गोंडी बोलींतील चित्रपटांना हक्काचा वाटा हवा. चित्रीकरणाचे शिक्षण मुंबई-पुण्यात अडकून न राहता जळकोटसारख्या तालुक्याच्या गावी आले पाहिजे. कार्यकर्त्यांनी या मागणीकडे करमणुकीची बाब म्हणून पाहू नये. ज्याचे चित्र दुसरा काढतो, त्याच्या मागण्याही दुसराच ठरवितो.