आजीची ओटी

परवा एका मैत्रिणीने नवा फोन घेतला. जुन्यातलं सगळं नव्यात यायला चाळीस मिनिटं लागली, म्हणून तिने पुढचा अर्धा तास माझ्याकडे कटकट केली. मी शांतपणे कॉफी पीत बसले. कारण बॉस, मी एक कोंबडीचं पिल्लू जुन्यातून नव्यात न्यायला अठरा वर्षं घालवली आहेत!

थांबा, पान उलटू नका. पोकेमॉनबद्दल बोलतेय. तुमच्यापैकी निम्म्यांना तो कार्टून नेटवर्कवरचा पिकाचू आठवत असेल, उरलेल्यांना वेफर्सच्या पाकिटातले टॅझो, नाहीतर २०१६ साली मोबाइल समोर धरून रस्त्यातून धडपडणारे मित्र. पण हे सगळं नंतरचं. पोकेमॉन हा मुळात गेम. आणि माझ्यासाठी तो सुरू होतो आजीच्या घरी, २००६ च्या मे महिन्याच्या सुट्टीत.

मी आठ-नऊ वर्षांची, आतेभाऊ बारा-तेराचा. दादाच्या काकाने अमेरिकेहून त्याला गेमबॉय ॲडव्हान्स पाठवला होता, सोबत 'पोकेमॉन रूबी'ची कॅसेट. (हो, आम्ही कॅसेटच म्हणायचो.) त्या कॅसेटमध्ये एकच गेम सेव्ह होतो. म्हणजे खेळणारी पोरं दोन आणि नाव टाकायला जागा एक. साहजिकच मारामारी. शेजारी लोणच्याच्या कैऱ्या चिरत बसलेली आजी वैतागली आणि म्हणाली, "माझं नाव घाला आणि गप्प बसा दोघं." आम्ही घातलं. ए-जे-आय. आजी!

पुढे प्रोफेसर बर्चच्या मागे एक पोकेमॉन लागतो आणि त्यांना वाचवायला आपल्याला तिघांतला एक उचलायचा असतो. आम्ही टॉर्चिक उचलला. आजीने चष्म्यावरून स्क्रीनकडे पाहिलं. "अगं, हे तर कोंबडीचं पिल्लू!" झालं, नाव ठरलं. लेव्हल १६ ला टॉर्चिकचा कंबस्केन होतो, ३६ ला ब्लेझिकेन. सहा फुटांहून उंच, मनगटातून ज्वाळा निघतात, लाथ अशी मारतो की समोरचा गार. पण नाव पिल्लूच.

आता जरा तांत्रिक. पकडलेल्या प्रत्येक पोकेमॉनवर एक शिक्का बसतो : ओटी, म्हणजे ओरिजिनल ट्रेनर. ज्याने पहिल्यांदा पकडला त्याचं नाव आणि आयडी नंबर. तो पोकेमॉन तुम्ही कोणालाही द्या, कुठल्याही गेममध्ये न्या, हा शिक्का पुसत नाही. टोपणनाव बदलून देणारा एक नेम रेटर गेममध्ये असतो, पण तोही दुसऱ्याच्या पोकेमॉनला हात लावत नाही. थोडक्यात, आपल्याकडे सुनेची भरतात ती ओटी नव्हे, पण सासरी जाताना सोबत नेण्याची गोष्ट, हे मात्र खरं.

आणि सासरी पाठवणं हा या गेमचा पायाच आहे. २७ फेब्रुवारी १९९६ ला जपानमध्ये 'रेड' आणि 'ग्रीन' असे दोन गेम एकदम आले ते त्यासाठीच. एकान्स नावाचा साप फक्त रेडमध्ये, सँडश्रू ग्रीनमध्ये. एकट्याने सगळे गोळा होणारच नाहीत, मित्राशी अदलाबदल करावी लागणार. काही तर अदलाबदल केल्याशिवाय मोठेच होत नाहीत, उदाहरणार्थ हाँटर. ही आयडिया सातोशी ताजिरी यांची. लहानपणी त्यांना किडे गोळा करायचा नाद होता. दोन गेमबॉय जोडणारी लिंक केबल बघून त्यांच्या डोक्यात आलं, या वायरीतून किडे चालत पलीकडे गेले तर? मला हे जाम आवडतं. बाकीचे त्या केबलमधून मारामारी पाठवत होते, यांनी पाहुणे पाठवले.

पण पाहुण्यांची खरी पंचाईत होते मशीन बदलल्यावर. १९९९ च्या गोल्ड-सिल्व्हरमध्ये तर मागच्या गेमशी देवाणघेवाण करायला चक्क टाइम कॅप्सूल होती. मग २००२ मध्ये गेमबॉय ॲडव्हान्सवर रूबी-सफायर आले आणि दरवाजा धाडकन बंद! पोकेमॉनची माहिती साठवायची पद्धतच नव्याने बांधली होती, जुन्यातला एकही नव्यात येऊ शकत नव्हता. जगभरातल्या पोरांनी सहा वर्षं सांभाळलेले पोकेमॉन तिथेच अडकले. त्यावर कहर म्हणजे त्या जुन्या कॅसेटमधला सेव्ह एका बटणासारख्या बॅटरीवर जगतो. बॅटरी संपली की सगळं साफ. पाळीव प्राणी मेल्यासारखं रडलेली माणसं मी पाहिली आहेत. तुम्ही हसा खुशाल.

आमचं नशीब, आम्ही दरवाजाच्या या बाजूला जन्मलो होतो. रूबीपासून पुढे रस्ता आहे. फक्त वन-वे आहे. आणि कॉपी-पेस्ट नाही, कट-पेस्ट. पिल्लू पुढे गेलं की मागच्या कॅसेटमध्ये त्याची जागा रिकामी.

पहिला टप्पा २००९ चा. दादाकडे डीएस लाइट आणि 'डायमंड' आला होता. या डीएसला दोन खाचा, वर डायमंड, खाली रूबी. डायमंड आधी पूर्ण खेळून संपवायचा, मग पाल पार्क उघडतं. एका कॅसेटमधून चोवीस तासांत सहाच न्यायचे. 'कट'सारखी हिडन मशीनची विद्या येत असेल तर प्रवेश बंद. आमच्या पिल्लूला नेमकं 'कट' शिकवलेलं. मग परत रूबीत, लिलीकोव्ह शहरात विद्या विसरायला लावणारा एक गृहस्थ असतो, त्याच्याकडे चक्कर. एवढं करून पोकेमॉन पार्कात सोडतात आणि ते आपल्याला पुन्हा पकडावे लागतात. स्वतःचंच पिल्लू परत पकडायचं! तिथला पार्क बॉल कधी चुकत नाही, ही त्यातल्या त्यात माणुसकी. पोचल्यावर माहितीच्या पानावर कुठला रस्ता, कुठलं गाव हे दिसत नाही, नुसता प्रदेश उरतो : होएन. एखाद्या म्हाताऱ्या माणसाने 'आम्ही मूळचे कोकणातले' एवढंच सांगावं, तसं. ओटी मात्र जशीच्या तशी : आजी.

दुसरा टप्पा २०१२, 'ब्लॅक'. इथे दोन डीएस समोरासमोर लागतात, म्हणून शेजारच्या मुलाचा उसना आणला. तोवर दादा इंजिनीअरिंगला होता, आणि आजी विचारायची, "माझी कोंबडी आहे का रे अजून?" पुढे दादाला नोकरी लागली, तो बंगळुरूला गेला, ब्लॅकची कॅसेट मला देऊन गेला. स्वतः थ्रीडीएस घेतला, त्यावर 'पोकेमॉन बँक' टाकली. वर्षाला पाच डॉलरच्या आसपास भरायचे आणि तीन हजार पोकेमॉन इंटरनेटवर ठेवायचे. पिल्लूला कधीतरी नेऊ म्हणाला. कधीतरी म्हणजे तुम्हाला माहीतच आहे.

२०१८ मध्ये आजी गेली. वर्षभरात तिच्या फ्लॅटच्या रिडेव्हलपमेंटचा विषय निघाला. कोणाला किती, कोणाचं नाव कागदावर. बाबा आणि आत्या यांचं बोलणं बंद झालं. माझं आणि दादाचं भांडण असं काहीच झालं नाही, हे मला आजही सांगावंसं वाटतं. फक्त फोन कमी झाले, मग फक्त वाढदिवस, मग वाढदिवसाला नुसता केकचा इमोजी.

मधल्या काळात कंपनीने आणखी दोन धक्के दिले. जून २०१९ मध्ये जुनिची मासुदा यांनी सांगितलं की नव्या 'सोर्ड-शील्ड'मध्ये सगळ्या जुन्या पोकेमॉनना जागा नसेल. फॅन लोक खवळले. माझं मत विचाराल तर कंपनीचं गणित मला समजतं. हजाराच्या घरातले प्राणी, प्रत्येक गेममध्ये प्रत्येकाला पुन्हा घडवायचं म्हणजे खायचं काम नाही. पण पहिल्या यादीत टॉर्चिक नव्हता, आणि ते वाचून माझ्या पोटात कालवलं, तेही खरं. दुसरं, फेब्रुवारी २०२० मध्ये 'पोकेमॉन होम' आलं. बँकेतून होममध्ये जाता येतं, परत येता येत नाही. तीस पोकेमॉन फुकट, पण बँकेतून आणायचे तर पैसे भरलेला प्लॅन हवा, वर्षाला सोळा डॉलर.

मी लॉकडाऊनमध्ये सेकंडहँड स्विच घेतला, पण पिल्लू माझ्या ड्रॉवरमध्ये ब्लॅकच्या कॅसेटमध्येच बसून होतं. ब्लॅकमधून होमला जायचा रस्ता फक्त थ्रीडीएसवरच्या बँकेतून जातो. आणि २७ मार्च २०२३ ला थ्रीडीएसचं ऑनलाइन दुकान बंद झालं. ज्याने आधी बँक घेतली असेल त्याचीच चालेल, तीही आता फुकट. नव्या माणसाला ती मिळणारच नाही. मग बातमी आली की एप्रिल २०२४ मध्ये थ्रीडीएसचं ऑनलाइन खेळणंही बंद. बँक तूर्त चालू ठेवू म्हणाले. 'तूर्त' हा शब्द वाचून मी झोपले नाही.

थोडक्यात, मला माहीत असलेल्या माणसांत बँक फक्त एकाकडे होती.

व्हॉट्सॲप उघडला. वरती केक, केक, केक, धन्यवाद. फ्रीलान्सर आहे मी, दिवसाला दहा अनोळखी माणसांना कोट मागते, पण तो एक मेसेज लिहायला मला दोन दिवस लागले. शेवटी लिहिलं, "दादा, तुझा थ्रीडीएस चालू आहे का?"

दोन मिनिटांत उत्तर. "पिल्लू?"

तो पाडव्याला पुण्यात येणार होता. (सर्व्हर बंद व्हायची वेळ भारतीय घड्याळात नेमकी पाडव्याची पहाट होती, हा निव्वळ योगायोग.) आदल्या शनिवारी डेक्कनच्या एका कॅफेत भेटलो. घरी नाही. कोणाच्या घरी, हा प्रश्नच होता. दादाच्या कानशिलावर केस पांढरे झालेले, मी काही बोलले नाही. तोही माझ्या चष्म्याबद्दल बोलला नाही. थ्रीडीएस काढला. कॅफेचं वायफाय त्याला दिसेना, माझा हॉटस्पॉटही दिसेना. वीस मिनिटं दोघं घाम पुसत बसलो, मग दादाच्या लक्षात आलं की हे जुनं मशीन, याला २.४ गिगाहर्ट्झच कळतं. फोनचं सेटिंग बदललं. कॅसेट घातली. पिल्लूला आधी पहिल्या बॉक्समध्ये आणून ठेवलं होतं, कारण ट्रान्सपोर्टर फक्त पहिला बॉक्स बघतो. ट्रान्सपोर्टरमधून बँकेत, बँकेत माझ्या होमचा कोड टाकायचा, तो दादाने टाकला, आकडे मी वाचले. सगळं मिळून दोन कोल्ड कॉफी आणि एक सँडविच एवढा वेळ.

पिल्लू स्क्रीनवर उभं राहिलं. पूर्वी ठिपक्यांचं होतं, आता गोल फिरवून बघता येतं. दादाने खालची ओळ बोटाने मोठी करून पाहिली. मग आम्ही फ्लॅटबद्दल बोललो, पहिल्यांदाच. फार नाही. कोणी काय म्हणालं होतं आणि कोणाला काय ऐकू आलं होतं, एवढंच. एका-दोन गोष्टी मला माहीत नव्हत्या.

पिल्लू आता 'स्कार्लेट'मध्ये आहे. डिसेंबर २०२३ च्या 'इंडिगो डिस्क'मध्ये सगळ्या जुन्या स्टार्टरना जागा मिळाली, त्याचाही नंबर लागला. रूबीची कॅसेट अजून माझ्याकडे आहे. तिची बॅटरी संपली, पण तिच्यातला सेव्ह बॅटरीवर नसतो, त्यामुळे गेम उघडतो. फक्त घड्याळ थांबलंय, आणि आम्ही लावलेली बेरीची झाडं वाढायची थांबली आहेत.

त्या दिवशी निघताना दादाने स्क्रीनचा फोटो काढून आत्याला पाठवला. आम्ही पार्किंगपर्यंत पोचेतो तिचं उत्तर आलं : "हे काय आहे? आणि आईचं नाव इंग्रजीत कोणी लिहिलंय, एक ए कमी आहे."

बाबांना फोटो मी त्या रात्री दाखवला. त्यांनी बराच वेळ पाहिला आणि विचारलं, "हिला पाठवलाय का?"