लग्न परराज्यात, नोटीस मात्र गावाकडच्या जिल्ह्यात! घरापासून दूर लग्न करताना कायदा नेमका काय सांगतो?

मुलगा साताऱ्याचा, मुलगी हुबळीची. दोघांची नोकरी हैदराबादला. धर्म वेगळे, घरी अजून सांगितलेले नाही. ‘इथेच रजिस्टर लग्न करू, घरच्यांना नंतर समजावू,’ असे दोघांनी ठरवले आहे. उदाहरण काल्पनिक असले तरी पुणे, बेंगळुरू, हैदराबादच्या आयटी पार्कांमध्ये अशी जोडपी शोधावी लागत नाहीत.

त्यांच्या हिशेबात एक मोठी चूक आहे. हैदराबादच्या विवाह अधिकाऱ्याकडे दिलेली नोटीस हैदराबादलाच थांबत नाही. तिची एक प्रत सातारा जिल्ह्याच्या विवाह अधिकाऱ्याकडे जाते आणि दुसरी हुबळी ज्या धारवाड जिल्ह्यात आहे तिथे. दोन्हीकडच्या कार्यालयांत ती ठळक जागी लावली जाते. हा कोणा कारकुनाचा खोडसाळपणा नाही. १९५४ च्या विशेष विवाह कायद्यातच तसे लिहिले आहे. आणि हाच नियम आता बदलायला हवा.

आधी हे समजून घ्या: कायदा कोणता?

आपल्या राज्याबाहेर लग्न करण्यावर देशात कुठेही बंदी नाही. प्रश्न असतो तो कोणत्या कायद्याखाली लग्न करायचे याचा. त्यावर बाकी सगळे ठरते.

दोघेही हिंदू, बौद्ध, जैन किंवा शीख असतील तर १९५५ चा हिंदू विवाह कायदा वापरता येतो. त्यात रहिवासाची अट नाही, आधी नोटीस देण्याची अट नाही. जात वेगळी असली तरी फरक पडत नाही. मुलाचे वय २१, मुलीचे १८ पूर्ण हवे, दोघांपैकी कोणाचाही आधीचा जोडीदार हयात नको, निषिद्ध नात्यातले लग्न नको, या मूळ अटी पाळल्या की झाले. लग्न दोघांपैकी एकाच्या रूढीनुसार विधिवत लागले पाहिजे. विधींमध्ये सप्तपदी असेल तर सातवे पाऊल पडल्यावर लग्न पूर्ण होते.

इथे एक सावधगिरी. ‘विधी नको, फक्त सर्टिफिकेट काढून देतो’ असे सांगणारे एजंट प्रत्येक मोठ्या शहरात भेटतात. सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२४ मध्ये डॉली राणी प्रकरणात स्पष्ट केले आहे की, हिंदू विवाह कायद्याखाली विधी झालेच नसतील तर नुसत्या नोंदणी प्रमाणपत्राने लग्न होत नाही. नोंदणी हा झालेल्या लग्नाचा पुरावा आहे. न झालेले लग्न ती उभे करू शकत नाही.

धर्म वेगळे असतील आणि कोणालाही धर्म बदलायचा नसेल, तर रस्ता विशेष विवाह कायद्याचा. एकाच धर्माच्या जोडप्यालाही तो खुला आहे. आपण ज्याला ‘कोर्ट मॅरेज’ म्हणतो ते बहुतेक वेळा हेच असते, फक्त ते कोर्टात नाही तर विवाह अधिकाऱ्यासमोर होते.

तीस अधिक तीस: दिवसांचे गणित

या कायद्याच्या कलम ५ नुसार, दोघांपैकी किमान एक जण नोटीस देण्याआधी सलग ३० दिवस त्या जिल्ह्यात राहत असला पाहिजे. आधार कार्डावर गावचा पत्ता असला तरी चालतो, पण प्रत्यक्ष राहत असल्याचा पुरावा लागतो. भाडेकरार इथे उपयोगी पडतो.

नोटीस प्रसिद्ध झाल्यावर पुढचे ३० दिवस हरकतींसाठी. कोणीही हरकत घेऊ शकतो. हरकत आली तर विवाह अधिकाऱ्याने ३० दिवसांत चौकशी करून निर्णय द्यायचा. त्याने लग्नाला नकार दिला तर जिल्हा न्यायालयात अपील करता येते. हरकत नसेल तर तीन साक्षीदारांसमोर सह्या होतात आणि प्रमाणपत्र मिळते. मात्र नोटीस दिल्यापासून तीन महिन्यांत लग्न झाले नाही तर ती नोटीस बाद, पुन्हा पहिल्यापासून सुरुवात.

म्हणजे १ जूनला हैदराबादला राहायला आलेल्या जोडप्याला नोटीस देता येईल ती जुलैच्या सुरुवातीला. लग्न जुलैअखेरीच्या आधी नाही, आणि सप्टेंबर संपण्याच्या आत उरकायचे. परदेशातून तीन आठवड्यांची रजा काढून येणाऱ्या मुलामुलींचे बेत याच गणितात फसतात.

लग्न आधी धार्मिक पद्धतीने झाले असेल तर ते कलम १५ खाली या कायद्यात नोंदवता येते. पण तिथेही जिल्ह्यात ३० दिवसांचा रहिवास आणि ३० दिवसांची जाहीर नोटीस चुकत नाही.

गोव्यात लग्न केले तर?

मुंबई-पुण्याच्या जोडप्यांचे सध्याचे आवडते ठिकाण गोवा. तिथला कायदा वेगळा आहे. पोर्तुगीज काळातल्या १८६७ च्या नागरी संहितेचा वारसा गोव्यात अजून चालतो. तिथली विवाह नोंदणी दोन टप्प्यांत होते. आधी लग्नाच्या इराद्याची नोंद, नंतर ठराविक दिवसांनी दुसरी सही. पहिल्या सहीने लग्न होत नाही. गोव्याच्या कायद्याखालच्या लग्नात, वेगळा करार आधी केलेला नसेल तर पतीपत्नीची मालमत्ता सामाईक धरली जाते.

मग कलंगुटच्या किनाऱ्यावर मंडप घातला म्हणून नाशिकच्या जोडप्याला हे सगळे लागू होते का? केवळ मंडपाच्या जागेवरून तसे होत नाही. इथे कायमचे वास्तव्य महत्त्वाचे असते. सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये गोव्यातील एका वारसा प्रकरणात सांगितले की, गोव्याच्या कायम रहिवाशाची मालमत्ता राज्याबाहेर असली तरी तिच्या वारसाहक्काला गोव्याचीच संहिता लागू होते. त्यामुळे जोडप्यातला एक जण मूळ गोवेकर असेल, तर हॉल ठरवण्याआधी वकिलाला भेटणे शहाणपणाचे.

उत्तराखंडचे नवे नियम

हिमालयातल्या मंदिरांत लग्न करण्याची हौस वाढते आहे. उत्तराखंडमध्ये २७ जानेवारी २०२५ पासून समान नागरी संहिता लागू झाली. तिथे लग्नाची नोंदणी ६० दिवसांत करणे बंधनकारक आहे, आणि हा कायदा राज्याबाहेर राहणाऱ्या उत्तराखंडच्या रहिवाशांनाही लागू होतो. मुलगा किंवा मुलगी तिथली असेल आणि लग्न कोल्हापुरात लागले, तरी ही बाब विसरून चालणार नाही.

नोंदणी टाळू नका

सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २००६ मध्ये सीमा विरुद्ध अश्विनीकुमार प्रकरणात सर्वच लग्नांची नोंदणी सक्तीची करण्याचे निर्देश राज्यांना दिले. महाराष्ट्रात त्याआधीच, १९९८ मध्ये, त्यासाठी कायदा झाला होता आणि त्यात ९० दिवसांची मुदत आहे. राज्यागणिक मुदत, फॉर्म आणि शुल्क बदलते. नोंदणी नसली म्हणून हिंदू विवाह रद्द ठरत नाही. पण जोडीदाराचा व्हिसा काढताना किंवा उद्या पोटगी-वारशाचा वाद उभा राहिला तर हा कागद नसल्याची किंमत मोजावी लागते, आणि ती बहुतेकदा बाईला मोजावी लागते.

आणखी एक कमी माहीत असलेली गोष्ट. हिंदू विवाह कायद्याच्या कलम १९ नुसार, लग्न जिथे लागले तिथल्या न्यायालयातही पुढे खटला दाखल होऊ शकतो. उदयपूरच्या हॉटेलात लावलेले लग्न मोडले, तर तारखा उदयपूरच्या न्यायालयातही पडू शकतात. २००३ च्या दुरुस्तीने पत्नीला ती स्वतः राहते तिथे अर्ज करण्याची मुभा मिळाली, हा मोठा दिलासा आहे.

मग बदलायला काय हवे?

आता पुन्हा सातारा-हुबळीच्या जोडप्याकडे. कलम ६(३) सांगते की, दोघांपैकी जो कोणी त्या जिल्ह्याचा कायम रहिवासी नसेल, त्याच्या मूळ जिल्ह्यात नोटीसची प्रत पाठवून ती तिथे लावावी. शिवाय नोटीसांची वही कोणीही फुकट पाहू शकतो. १९५४ मध्ये यामागे एक तर्क होता. पत्रिका पोचायला आठवडा लागायचा, माणसाची खरी ओळख त्याच्या गावातच व्हायची. आधीचे लग्न लपवून दुसरीकडे संसार थाटणाऱ्याला पकडायचे तर गावाला विचारणे हाच उपाय होता.

आज ही नोटीस वेगळेच काम करते. २० वर्षांपूर्वी गाव सोडलेल्या मुलीचे नाव आणि पत्ता जिल्ह्याच्या कार्यालयात भिंतीवर लागतो, कोणीतरी मोबाइलवर फोटो काढतो आणि संध्याकाळपर्यंत तो तालुक्यातल्या प्रत्येक ग्रुपवर फिरतो. केरळ सरकारला अशा नोटीसा संकेतस्थळावर टाकणे २०२० मध्ये थांबवावे लागले, कारण त्यांचा वापर आंतरधर्मीय जोडप्यांना त्रास देण्यासाठी होऊ लागला होता. दिल्ली उच्च न्यायालयाने २००९ मध्ये घरच्या पत्त्यावर नोटीस पाठवण्याच्या प्रथेला कायद्याचा आधार नसल्याचे सांगितले. अलाहाबाद उच्च न्यायालयाने जानेवारी २०२१ मध्ये नोटीस प्रसिद्ध करायची की नाही हे जोडप्याच्या मर्जीवर सोडले. पण हे निकाल त्या त्या राज्यापुरते. सातारच्या मुलाला त्यांचा थेट आधार मिळत नाही.

‘नोटीस नसेल तर फसवणूक वाढेल,’ हा आक्षेप खोटा नाही. पहिली बायको लपवून दुसरे लग्न करणारे आजही आहेत, आणि मुलीच्या आईवडिलांची काळजी समजण्यासारखी आहे. पण ही भीती हिंदू विवाह कायद्याखालच्या लग्नातही तेवढीच असते. तिथे कोणी ३० दिवसांची नोटीस मागत नाही. एकाच धर्मात लग्न केले तर एका दिवसात नवराबायको, धर्म वेगळा असला की महिनाभर भिंतीवर नाव, हा भेद कशासाठी?

हरकतीसाठी कायद्याने मान्य केलेली कारणे मोजकी आहेत: वय, आधीचा जोडीदार, मानसिक संमतीची क्षमता, निषिद्ध नाते. आईवडिलांची नापसंती त्यात नाही. वय जन्मदाखल्यावरून कळते. आधीचे लग्न शोधायला सर्व राज्यांच्या विवाह नोंदी एकमेकींशी जोडणे हा खरा उपाय आहे. जमिनीचा सातबारा मोबाइलवर दिसू शकतो, तर विवाह अधिकाऱ्याला दुसऱ्या राज्यातली नोंद का दिसू नये? तपासणी सरकारने करावी, ती गावावर सोपवू नये. विधी आयोगानेही २०१८ च्या सल्लापत्रात या ३० दिवसांचा वापर नातेवाईक दबावासाठी करतात, याकडे लक्ष वेधले होते. बदल संसदेने करायचा आहे.

तोपर्यंत जोडप्यांनी काय करावे?

- कोणत्या कायद्याखाली लग्न करायचे ते पहिल्यांदा ठरवा. हॉल आणि तिकिटे नंतर.
- विशेष विवाह कायदा निवडला तर नोटीस मूळ जिल्ह्यात जाणार, हे गृहीत धरा. घरी सांगायचे असेल तर नोटीस लागण्याआधी सांगा.
- भाडेकरार, वयाचा पुरावा, घटस्फोट झाला असेल तर न्यायालयाचा हुकूमनामा तयार ठेवा. तीन साक्षीदार आधी ठरवा.
- विधीने लग्न केल्यास फोटो, पत्रिका आणि भटजींचे नाव-पत्ता जपून ठेवा. नोंदणी कुठल्या कार्यालयात होईल, हे लग्नाआधीच विचारा.
- धमकी आली तर गप्प बसू नका. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ च्या शक्ती वाहिनी निकालात अशा जोडप्यांसाठी प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष आणि सुरक्षित निवाऱ्याची व्यवस्था करण्यास सांगितले आहे. पोलीस अधीक्षकांकडे लेखी अर्ज करा आणि त्याची पोच घ्या.

साताऱ्याचा मुलगा आणि हुबळीची मुलगी, दोघेही सज्ञान आहेत. ते मतदान करतात, कर भरतात, घराचे कर्ज काढतात. यातल्या कशासाठीही त्यांच्या गावाकडे नोटीस जात नाही.