पंधरा दिवस आणि पाच वर्षे

आज २४ एप्रिल, राष्ट्रीय पंचायत राज दिन. १९९३ मध्ये याच तारखेला ७३वी घटनादुरुस्ती अमलात आली आणि ग्रामपंचायतीची पाच वर्षांची मुदत राज्यघटनेतच लिहिली गेली. आज गौरवाची भाषणे होतील, ती व्हावीतही. आम्हाला मात्र तालुक्याच्या कोर्टात पडून राहणाऱ्या निवडणूक अर्जांविषयी बोलायचे आहे.

हरियाणातल्या पानिपत जिल्ह्यात बुआना लाखू नावाचे गाव आहे. तिथे २ नोव्हेंबर २०२२ रोजी सरपंचपदासाठी मतदान झाले. एका केंद्रावरच्या मोजणीत गफलत झाल्याची तक्रार घेऊन पराभूत उमेदवार न्यायाधिकरणाकडे गेला. त्या केंद्राची फेरमोजणी करा, असा आदेश मिळाला तो २२ एप्रिल २०२५ रोजी. १ जुलैला उच्च न्यायालयाने तो रद्द केला. अखेर सर्वोच्च न्यायालयाने यंत्रे थेट दिल्लीला मागवली आणि ६ ऑगस्टला आपल्याच आवारात, निबंधकांसमोर, चित्रीकरण करीत सर्व मते मोजून घेतली. एकूण मते ३,७६७. ‘पराभूत’ उमेदवाराला १,०५१ आणि इतका काळ सरपंच म्हणून सह्या करणाऱ्याला १,०००. मोजणी एका दिवसात उरकली. तिथवर पोहोचायला पावणेतीन वर्षे लागली.

साक्षीपुरावे, हस्ताक्षरतज्ज्ञ, उलटतपासणी यांतले काही यात फारसे नव्हतेच. यंत्र उघडायचे आणि आकडे वाचायचे. एवढ्यासाठी एका गावाने अर्ध्याहून अधिक मुदत घालवली, ही गोष्ट आम्हाला अस्वस्थ करते.

महाराष्ट्रात सुमारे २८ हजार ग्रामपंचायती आहेत. १९५८ च्या ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम १५ प्रमाणे निकालाला आव्हान द्यायचे तर निकाल जाहीर झाल्यापासून १५ दिवसांत दिवाणी न्यायाधीशांकडे अर्ज करावा लागतो. दुसरी वाट घटनेच्या अनुच्छेद २४३-ओ ने बंद केली आहे. ती बंद असणे योग्यही आहे, नाहीतर प्रत्येक निवडणूक अर्ध्यावर अडकली असती. पण एकच दार उघडे ठेवायचे आणि त्या दारातही माणसाला वर्षानुवर्षे ताटकळत ठेवायचे, हा कुठला न्याय? अर्जदाराला १५ दिवसांची घाई, निकालाला मात्र कसलीच नाही. खासदार-आमदारांच्या निवडणूक याचिका सहा महिन्यांत संपवण्याचा प्रयत्न करावा, असे लोकप्रतिनिधित्व कायदा सांगतो. तेही नेहमी घडत नाही, पण निदान कागदावर अपेक्षा तरी आहे.

गावात याचे परिणाम वेगळेच होतात. वॉर्डात मतदार काही शे. दोन-चार मतांनी निकाल फिरतो, कधी समसमान मते पडून चिठ्ठी टाकावी लागते. कुणी कुणाला मत दिले, हे जवळपास सगळ्यांना ठाऊक असते. अशा ठिकाणी अर्ज लांबला की भावकीतले बोलणे बंद होते आणि ग्रामसभेत पाण्याच्या टाकीचा विषय निघाला तरी तो कोर्टापाशीच जाऊन थांबतो. अर्जदार वकिलाची फी आणि बुडालेली मजुरी सोसत तारखेला तालुक्याला खेपा घालतो. तिसऱ्या वर्षी तो दमतो. तो दमला नाही, तर मुदतच संपते आणि अर्ज ‘निष्फळ ठरल्याने निकाली’ निघतो. मधल्या काळात झालेले ठराव, दिलेली कामे ग्राह्यच राहतात.

सगळ्याच वादांत घाई करावी, असे मात्र आम्ही म्हणणार नाही. जळगाव जिल्ह्यातल्या विचखेडा गावच्या महिला सरपंचाला सरकारी जागेवरच्या घरात राहत असल्याच्या आरोपावरून अपात्र ठरवले गेले. आपण वेगळ्या भाड्याच्या घरात राहतो, हे तिचे म्हणणे खालपासून वरपर्यंत नीट तपासलेच गेले नाही. सप्टेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती अपात्रता रद्द केली तेव्हा निवडणुकीला साडेतीन वर्षे होऊन गेली होती. बाई गावाचा कारभार पाहते हेच काहींना सहन झाले नाही, हेही न्यायालयाने ओळखले. निवडून आलेल्याला पायउतार करताना पुरावा बारकाईनेच पाहायला हवा.

म्हणून दोन्ही वाद एकाच ढिगात ठेवू नयेत. मतमोजणीची तक्रार असेल आणि तिला प्रथमदर्शनी आधार दिसत असेल, तर पहिल्या काही आठवड्यांतच यंत्रे मागवून न्यायाधीशांसमोर मोजणी व्हावी. उरलेले अर्ज रोजच्या दिवाणी दाव्यांत न मिसळता वेगळ्या बोर्डावर लागावेत. यासाठी घटना बदलायला नको. उच्च न्यायालयाच्या प्रशासकीय सूचनेने बरेच काही साधेल.

येत्या १ मे रोजी गावोगावी ग्रामसभा भरतील. जिथे असा अर्ज पडून आहे, तिथे समोरच्या खुर्चीत बसलेला माणूस गावाने खरोखर निवडला होता का, याचे उत्तर त्या दिवशीही तालुक्याच्या कोर्टातल्या फायलीतच असेल. आणि मे महिन्यात कोर्टाला सुटी असल्याने पुढची तारीख जूनमधली पडलेली असेल.