शिष्यवृत्ती म्हणजे भीक नव्हे



बारावीचा निकाल लागला की आपल्या घरांत एक वाक्य हमखास ऐकू येतं, "आपण देणारे लोक, हात कशाला पसरायचा?" मग त्याच घरातली बाई मुकाट्याने पाटल्या गहाण ठेवते. याला स्वाभिमान म्हणू नका, हा मान कषाय आहे.

कर्मवीर भाऊराव पाटील आपल्यातलेच. लक्ष्मीबाईंनी साताऱ्याच्या वसतिगृहातल्या मुलांसाठी मंगळसूत्रसुद्धा दिलं. ते दुसऱ्यांच्या लेकरांच्या पोटासाठी होतं, नवऱ्याच्या अहंकारासाठी नव्हे.

2014 साली जैनांना राष्ट्रीय पातळीवर अल्पसंख्याक दर्जा मिळाला. राज्याची अल्पसंख्याक शिष्यवृत्ती आहे. राजर्षी शाहू महाराज शिक्षण शुल्क योजनेत 8 लाखांपर्यंत वार्षिक उत्पन्नाची घरं बसतात. मार्केट यार्डात दुसऱ्याच्या पेढीवर हिशेब लिहिणाऱ्याने लाजायचं कशाला? तोही कर भरतोच की.

उत्पन्नाचा दाखला निकालाची वाट न पाहता एप्रिल-मेमध्येच काढायला टाका. शाळेच्या दाखल्यावर 'जैन' नोंद तपासा. मुलीचं बँक खातं आधारला जोडा. प्रवेश पक्का होताच महाडीबीटीवर अर्ज भरा. कॉलेजने तो पुढे पाठवला का, हे विचारत राहा. दरवर्षी नूतनीकरण करा.

मात्र दुकान दोन मजली आणि दाखला दोन लाखांचा, असं नको. तिथे सत्य आणि अचौर्य ही दोन्ही अणुव्रतं मोडतात, आणि खऱ्या गरजूच्या पुढचं ताट ओढलं जातं.

हक्काचं मागण्यात कमीपणा नाही. शिकलेली लेक उद्या ज्ञानदान करेलच.