भूमकाचा हक्क आणि अंमलदाराची मर्यादा

धारणी आणि चिखलदरा या मेळघाटातील दोन तालुक्यांत, जेथे पावसाळ्यात ओढे भरून आले म्हणजे गावेच्या गावे एकाकी पडतात आणि प्राथमिक आरोग्य केंद्राची वाट रोग्याच्या नातलगांना दुस्तर होते, तेथे कोरकू आदिवासी कुटुंब आजही प्रथम भूमकाकडेच, म्हणजे गावच्या पारंपरिक वैद्याकडेच, धाव घेते. बोगस डॉक्टरांविरुद्ध मोहीम निघाली की हाच भूमका, गल्लीत दुकान थाटून सलाईन लावणाऱ्या तोतयाच्या पंक्तीला बसविला जातो. हा अन्याय आहे, आणि तो कायद्याच्या अज्ञानातून होतो.

महाराष्ट्र वैद्यकव्यवसायी अधिनियम, 1961 याच्या कलम 33 नुसार नोंदणीवाचून वैद्यकी करणे हा कारावासास पात्र गुन्हा आहे. केरळातील पारंपरिक वैद्यांच्या प्रकरणात 13 एप्रिल 2018 रोजी सर्वोच्च न्यायालयानेही, केवळ पिढीजात ज्ञानाच्या आधारे व्यवसायाचा अधिकार मिळत नाही, असाच निर्वाळा दिला. रोग्याच्या प्राणाशी गाठ असल्यामुळे ही कठोरता मला सर्वथा मान्य आहे. परंतु त्याच अधिनियमाने, वैयक्तिक लाभाची अपेक्षा न ठेवता उपचार करणाऱ्यास अथवा घरगुती औषध देणाऱ्यास वैद्यकव्यवसायी मानलेले नाही. आणि कलम 33 च्या परंतुकान्वये, योग्य त्या अटी घालून एखाद्या वर्गास किंवा क्षेत्रास या मनाईतून वगळण्याची मुखत्यारी राज्य सरकारला राजपत्रातील अधिसूचनेद्वारे दिलेली आहे. यांपैकी पहिली तरतूद तपासणीस निघालेल्या अंमलदाराने ध्यानात घ्यायची आहे, आणि दुसरी मंत्रालयाने वापरायची आहे.

वनहक्क कायदा, 2006 याने औषधी वनस्पतींचा समावेश गौण वनोपजात करून त्या गोळा करण्याचा हक्क वननिवासींना दिला, आणि पारंपरिक ज्ञानावरील सामूहिक अधिकारही मान्य केला. अचलपूर तालुक्यातील पायविहीर गावाने सामूहिक वनहक्क मिळवून उजाड रान पुन्हा उभे केले, हे वऱ्हाडात सर्वश्रुत आहे. तेव्हा ज्या मुळीवर गावाचा कायदेशीर हक्क पोचतो, तीच मुळी भूमकाच्या झोळीत सापडली म्हणून मुद्देमाल ठरू शकत नाही. अंजनगाव सुर्जी आणि अकोट भागातील बारी समाजाचे शेतकरी पानपिंपळी या औषधी वनस्पतीचे वेल लावतात, अकोल्याचे कृषी विद्यापीठ नागार्जुन वनौषधी उद्यान जोपासते, आणि या वनस्पती ओळखणारा माणूस मात्र चौकीवर खेटे घालतो, ही विसंगती सरकारला शोभणारी नाही.

येथे एक गोष्ट निःसंदिग्धपणे सांगितली पाहिजे. फेब्रुवारी 2025 मध्ये चिखलदरा तालुक्यातील सिमोरी येथे अवघ्या 22 दिवसांच्या बाळाच्या पोटावर तापलेल्या विळ्याने चटके दिले गेले. डम्मा नावाच्या या प्रथेला परंपरेचे कोणतेही कवच मिळता कामा नये. बाळाचे पोट फुगले म्हणून त्याला भाजून काढणे हा गुन्हाच आहे, आणि सर्पदंश झालेल्यास दवाखान्यात जाऊ न देता मंत्रतंत्र करणे हेदेखील 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्याने दंडनीय ठरविले आहे. तेथे पोलिसांनी तिळमात्र दयामाया दाखवू नये. भूमकाच्या हाती इंजेक्शनची सुई आढळली, अथवा त्याच्या पुडीत स्टेरॉइड निघाले, तर तेथेही नाही.

मात्र जेथे केवळ पाला, साल आणि मुळी आहे, तेथे अंमलदाराने प्रथम वनस्पतीची ओळख पटवून घ्यावी, काही जप्त केल्यास पंचांसमक्ष पंचनामा करून त्याची पावती द्यावी, आणि रीतसर फिर्यादीवाचून कोणास तासन्‌तास ठाण्यात बसवून ठेवू नये. मेळघाटात आरोग्य खात्याने भूमकांचे मेळावे भरवून रोगी वेळेवर दवाखान्यात पाठविण्याची कामगिरी त्यांच्यावर सोपविलेली आहे. ज्याचे साहाय्य एक खाते घेते त्याला दुसऱ्या खात्याने धाक घालावा, याने दोहोंचेही काम बिघडते.

म्हणून राज्य सरकारला माझी विनंती आहे की, कलम 33 च्या परंतुकाचा उपयोग करून धारणी व चिखलदरा तालुक्यांपुरती अधिसूचना काढावी. तीत भूमकाला चालणाऱ्या वनौषधींची यादी, डम्म्यावरील संपूर्ण बंदी, आणि गरोदर स्त्री, तान्हे मूल व सर्पदंशाचा रोगी विनाविलंब आरोग्य केंद्रात पोचविण्याची सक्ती स्पष्टपणे नमूद करावी, आणि ती येत्या पावसाळ्यापूर्वी काढावी.